तारेने शिवलेली होडी: मिरर डिंगी घरी कशी बनते आणि घरचे मिळून तिची शर्यत कशी खेळतात

१९६३च्या जानेवारीत लंडनच्या बोट शोमध्ये एक बुटकी, बोथट नाकाची डिंगी, म्हणजे छोटी शिडाची होडी, मांडलेली होती. लांबी ३.३० मीटर, शिडं लालभडक. ती काढली होती 'डेली मिरर' या वर्तमानपत्राने, म्हणून तिचं नाव मिरर, आणि शिडांचा लाल रंगही त्या वर्तमानपत्राचाच. किंमत ६३ पौंड ११ शिलिंग. एवढे पैसे मोजल्यावर घरी होडी येत नसे, होडीचं सामान येत असे: मापात कापलेले प्लायवूडचे तुकडे, तांब्याची तार, फायबरग्लासची पट्टी, रेझिन म्हणजे सुकल्यावर कडक होणारा चिकट द्रव, आणि हे सगळं कसं जोडायचं याच्या सूचना. बाकी तुमचं तुम्ही बघायचं.

लोकांनी ते मनापासून केलं. आजवर ७०,०००हून अधिक मिरर बनल्या आहेत. त्यांतल्या कितीतरी गॅरेजमध्ये, परसात, तर काही थेट घरातल्या खोलीत जन्मल्या. बनवणारे बहुतेक जण सुतार नव्हते, होडीवाले तर नव्हतेच. आणि तरीही या होड्या एका रेषेवर उभ्या राहून शर्यत लावतात, त्यात एकीत आई आणि मुलगा, दुसरीत दोन भावंडं, तिसरीत आजोबा आणि नात असतात.

मला या होडीबद्दल पहिल्यांदा वाचलं तेव्हा दोन प्रश्न पडले होते. ज्याने आयुष्यात कधी रंधा हातात धरला नाही त्याच्याकडून पाण्यावर तरंगणारी, वाऱ्याला तोंड देणारी गोष्ट बनतेच कशी? आणि हजारो वेगवेगळ्या हातांनी बनवलेल्या होड्यांची शर्यत न्याय्य कशी असू शकते? पहिल्याचं उत्तर भूमितीत आहे आणि दुसऱ्याचं नियमांच्या पुस्तकात. दोन्हींत मला एकच गोष्ट दिसते: अवघड काम कुणीतरी आधी कागदावर करून ठेवलं, म्हणून ते नवशिक्याच्या हातांवर आलं नाही.

कागदावर काम करणारे दोघे होते. जॅक होल्ट हे ब्रिटनमधले छोट्या शिडाच्या होड्यांचे नावाजलेले आरेखक. मुलांसाठीची कॅडेट, जीपी १४, एंटरप्राइझ या त्यांच्याच होड्या. दुसरे बॅरी बकनेल, बीबीसीवर 'घरातली कामं स्वतः करा' शिकवणारे आणि घराघरांत ओळखले जाणारे गृहस्थ. वर्तमानपत्राने होडी काढायचा प्रकारही नवा नव्हता, १९५६ मध्ये एंटरप्राइझच्या मागे 'न्यूज क्रॉनिकल' हे वर्तमानपत्र उभं होतं. मिररमध्ये नवी होती ती जोडायची पद्धत. ती बकनेल यांनी आणली आणि होल्ट यांनी तिला शर्यतीच्या होडीचा आकार दिला.

प्लायवूड कुठे वाकतं आणि कुठे हटून बसतं

एक कागद घ्या. त्याची सुरळी सहज होते. शंकूही होतो. आता तोच कागद चेंडूवर चुण्या न पाडता बसवून बघा. बसत नाही. कागद एका दिशेने वाकतो, पण एकाच जागी दोन्ही दिशांनी वाकायला तयार नसतो. प्लायवूडचा स्वभाव हुबेहूब असाच आहे. लाकडाचे पातळ थर एकमेकांना आडवे-उभे चिकटवून ते बनतं, त्यामुळे ते सहजी चिरत नाही आणि वजनाच्या मानाने फार ताठ असतं. पण त्याला चेंडूसारखा फुगीर आकार द्यायला गेलात तर ते मोडेल.

म्हणून प्लायवूडची होडी आखायची तर तिचा प्रत्येक पृष्ठभाग सुरळीचा किंवा शंकूचा तुकडा असला पाहिजे. मिररच्या तळाचे दोन तुकडे, दोन बाजू, पुढचं आणि मागचं सपाट तोंड, सगळे याच जातीचे. जाडी जेमतेम पाच मिलिमीटर.

पण सपाट तुकड्यांतून गोलावा येतो कुठून? हे ज्याला कळायचं असेल त्याने शिंप्याकडे बघावं. सदऱ्याचा मुंढा आणि बाहीचा वरचा भाग कापडावर कापलेले असतात तेव्हा त्यांच्या कडांची वळणं वेगवेगळी असतात. एक खोलगट, एक फुगीर. त्या दोन कडा शिवणीत एकत्र आल्या की कापडाला खांद्याचा आकार घ्यावाच लागतो. होडीचंही तसंच. तळाचा तुकडा जमिनीवर सपाट ठेवला तर त्याची कड एका वळणाची दिसते, बाजूच्या तुकड्याची कड दुसऱ्या वळणाची. दोन्ही कडांची लांबी मात्र सारखी. त्या टोकापासून टोकापर्यंत जुळवल्या की लाकूड आपोआप वर उचललं जातं आणि होडी उभी राहते. तुम्ही आकार देत नाही, आकार कडांमध्ये आधीच भरलेला असतो. हे वाचून पटायला जड जातं, पण पुठ्ठ्याचे दोन तुकडे वेगवेगळ्या वळणांत कापून कडेला चिकटपट्टी लावत गेलात की दहा मिनिटांत हाताला कळतं. मी ते करून पाहिलं तेव्हा पुठ्ठा माझ्या हातात हळूहळू फुगत गेला.

या पद्धतीआधी काय करावं लागायचं तेही पाहू, म्हणजे सुटका किती मोठी होती ते कळेल. जुन्या रीतीत आधी साचा किंवा फासळ्या उभ्या करायच्या. मग तळ आणि बाजू जिथे मिळतात त्या कडेने आतून एक लांब लाकडी पट्टी टोकापासून टोकापर्यंत वाकवून बसवायची, तिच्यावर प्लायवूड चिकटवायचं आणि स्क्रू मारायचे. आता अडचण अशी की तळ आणि बाजू यांच्यातला कोन सगळीकडे सारखा नसतो. होडीच्या मध्यावर तो एक असतो, नाळेकडे, म्हणजे पुढच्या टोकाकडे, जाताना उघडत किंवा मिटत जातो. म्हणजे त्या पट्टीची धार प्रत्येक बोटभर अंतरावर थोड्या वेगळ्या कोनात तासायची. मुरलेला कारागीर हे डोळ्याने करतो. नवशिक्या इथेच हरतो, कारण रंधा जरा जास्त चालला तर फट राहते आणि फटीतून पाणी येतं.

मिररमध्ये ही पट्टीच नाही. प्लायवूडच्या कडेला थोड्या थोड्या अंतरावर बारीक भोकं पाडायची, दोन तुकडे कडेला कड लावून तांब्याच्या तारेने शिवायचे, पक्कडीने पीळ देऊन ताणायचे. हा शिंप्याचा कच्चा टाका झाला, कापड जागेवर धरण्यापुरता. पक्की शिवण म्हणजे आतून त्या कोनात भरलेलं रेझिन आणि त्यावर बसवलेली फायबरग्लासची पट्टी. रेझिन सुकलं की बाहेरून तारांची टोकं कापायची, कड घासायची आणि बाहेरूनही पट्टी मारायची. रेझिन ओलं असताना कोणत्याही कोनात बसतं. कोन इथे शंभर अंशांचा आणि तिथे दीडशेचा असला तरी त्याला काही फरक पडत नाही. सुतारकामातला सगळ्यात कठीण भाग एका चिकट द्रवाने खाऊन टाकला.

तारेने शिवून रेझिनने जोडण्याच्या या युक्तीचं श्रेय केन लिटलडाइक या सुतारकाम शिकवणाऱ्या शिक्षकाला देतात. त्यांनी ती प्लायवूडच्या लहान वल्हवायच्या होड्यांसाठी वापरली होती. ती जगभर पोचली मात्र मिररमुळे. आज घरी बांधायच्या असंख्य होड्या याच रीतीने बनतात, फक्त पॉलिएस्टर रेझिनऐवजी बहुतेक जण इपॉक्सी हे दुसरं रेझिन वापरतात, कारण ते लाकडाला जास्त घट्ट धरतं.

पीळ

इथे थांबून एक गोष्ट जरा सविस्तर सांगतो, कारण घरी होडी बांधणाऱ्याने सगळं विसरलं तरी चालेल, हे विसरून चालणार नाही.

तारेने शिवलेली होडी रेझिन लावण्याआधी लवचिक असते. एका कोपऱ्याला जरा दाबलं की दुसरा कोपरा उचलला जातो. जमीन असमान असेल, किंवा एका बाजूच्या तारा दुसरीपेक्षा जास्त आवळल्या असतील, तर होडीत पीळ बसतो. म्हणजे पुढचं टोक एका अंगाला किंचित कललेलं आणि मागचं दुसऱ्या अंगाला. डोळ्याला तो दिसत नाही. रेझिन एकदा कडक झालं की तो कायमचा. अशी होडी एका बाजूने वारा घेताना सुरळीत धावते आणि दुसऱ्या बाजूने घेताना सुकाणूला ओढते. मालक पुढची कित्येक वर्षं शिडाला दोष देत राहतो.

तपासायची रीत साधी आहे. दोन सरळ काठ्या घ्यायच्या. एक होडीच्या पुढच्या भागावर आडवी ठेवायची, दुसरी मागच्या भागावर. मागे दूर उभं राहून, एक डोळा मिटून, मागच्या काठीच्या कडेवरून पुढची बघायची. दोन्ही समांतर दिसल्या की होडी सरळ. एकीचं टोक वर दिसलं की पीळ आहे, त्या कोपऱ्याखाली पाचर सरकवायची आणि पुन्हा बघायचं. मग दोरीने कर्ण मोजायचे, पुढच्या डाव्या कोपऱ्यापासून मागच्या उजव्यापर्यंत आणि उलट. दोन्ही सारखे हवेत. या कामाला अर्धा दिवस गेला तरी द्यावा. घरातल्या लहानांना या वेळी बोलवावं, त्यांचे डोळे काठ्या पारखायला फार चांगले असतात.

बाकीच्या कामात संयम लागतो, कौशल्य बेताचंच. रेझिन हाताळताना हातमोजे हवेत, घासताना उडणारी भुकटी नाकात जाऊ नये म्हणून मास्क हवा, आणि खोली थंडगार असेल तर रेझिन धड सुकत नाही. आणि हो, वरचं झाकण बसवण्याआधी हवेच्या कप्प्यांचा आतला भाग नीट रंगवून घ्यायचा. एकदा झाकण बसलं की तिथे हात पोचत नाही, आणि लाकूड कुजायला सुरुवात नेमकी तिथूनच होते.

बोथट नाक आणि दुमडणारी डोलकाठी

मिररचं नाक कापल्यासारखं सपाट का? पहिलं कारण बांधणाऱ्याच्या सोयीचं. टोकदार नाळ करायची तर दोन्ही बाजूंना पुढे खूप पिळून एका उभ्या लाकडावर आणावं लागतं. नाक सपाट ठेवलं की तो पीळ टळतो. दुसरं कारण बसणाऱ्यांच्या सोयीचं. एवढ्याशा लांबीत टोकदार नाळ केली तर पुढचा मीटरभर भाग चिंचोळा, वजन न पेलणारा होतो. बोथट नाकामुळे होडी पुढेही रुंद राहते, दोन मोठी आणि एक लहान माणसं बसली तरी पुढून बुडत नाही. याची किंमत लाटांत मोजावी लागते. छोट्या उभ्या लाटा असल्या की ते सपाट तोंड पाण्यावर आपटतं आणि वेग मरतो. त्याचा उपाय आहे, तो पुढे येईल.

शिडाची रचना जुन्या मच्छीमारी होड्यांची आठवण करून देते. डोलकाठी आखूड असते, आणि तिच्या वर आणखी एक काठी शिडाच्या दोरीने उभी चढवतात. दोन्ही मिळून उंच शीड तयार होतं. याला गंटर रचना म्हणतात. हे कशासाठी? सगळ्या काठ्या होडीच्या लांबीत मावाव्यात म्हणून. काठ्या आत ठेवायच्या, होडी उलटी करून गाडीच्या टपावर बांधायची आणि निघायचं. ज्या कुटुंबाकडे होडीसाठी गाडा नाही, पाण्याकाठी जागा नाही, त्यांना शर्यतीत आणायचं असेल तर हे महत्त्वाचं होतं. नंतर नियमांनी एकसंध डोलकाठीलाही परवानगी दिली. शर्यतीतल्या बहुतेकांना ती सोयीची वाटते. मला मात्र ती दुमडणारी काठी या होडीचा खरा विचार वाटतो.

मिरर वल्हवताही येते. वारा पडला की वल्ही काढायची आणि घरी यायचं. घरच्यांसोबतच्या दिवसात ही सोय शिडाइतकीच कामाची आहे.

हाताने बनवलेल्या होड्यांची बरोबरी

आता दुसरा प्रश्न. शर्यतीच्या होड्यांचे ढोबळ तीन मार्ग असतात. पहिल्यात नियम थोडे, बाकी मोकळीक. ज्याची कल्पना आणि पैसा जास्त त्याची होडी वेगवान. दुसऱ्यात सगळ्या होड्या एका कारखान्यातून येतात, त्या घरी बनवायला परवानगीच नसते. तिसरा मार्ग मिररचा: कुणीही बनवा, पण मोजमापात बसली पाहिजे.

होडी बनली की मोजणारा अधिकृत माणूस येतो. लांबी, रुंदी, तळाचा आकार, शिडाचं माप, सगळं तपासतो. प्रत्येक मापाला थोडी सूट असते, कारण हाताने केलेल्या कामात मिलिमीटरचा फरक राहणारच. ही सूट ठरवणं हे मला अशा वर्गाचं, म्हणजे एकाच नियमात बसणाऱ्या होड्यांच्या गटाचं, सगळ्यात नाजूक काम वाटतं. ती फार कडक ठेवली तर घरचा बांधणारा बाद होतो. सैल ठेवली तर कुणीतरी हुशार माणूस सगळ्या सवलती एका दिशेने वापरून जास्त वेगवान होडी काढतो आणि बाकीच्यांना त्याच्या मागे जाऊन नवी होडी बांधावी लागते. मग वर्ग महाग होतो आणि कुटुंबं गळतात.

वजनाचा नियम यात सगळ्यात मोलाचा. मिररचं रिकामं धड, म्हणजे शिडं-काठ्यांशिवायची नुसती होडी, किमान ४५.५ किलोचं असावं लागतं. तुमची होडी त्याहून हलकी भरली तर फरकाचं वजन तिच्यात पक्कं बसवायचं. हा नियम नसता तर लोकांनी प्लायवूड घासून पातळ केलं असतं, रेझिन वाचवलं असतं, आणि दोन वर्षांत मोडणाऱ्या होड्या शर्यती जिंकत राहिल्या असत्या. किमान वजन ठरवल्यामुळे मजबूत होडी बांधणाऱ्याचं नुकसान होत नाही.

तपासणीत पास झालेल्या होडीला प्रमाणपत्र मिळतं आणि शिडावर तिचा क्रमांक लागतो. क्रमांक लहान म्हणजे होडी जुनी. मूळ नियमांत फक्त प्लायवूड होतं, पुढे फायबरग्लासच्या होड्यांनाही वाट मिळाली, आणि आज शर्यतीत पुढे असणाऱ्यांत त्या बऱ्याच आहेत. तरी आकार तोच असल्यामुळे जुनी लाकडी होडी त्याच रेषेवर उभी राहते.

याच वाटेवरच्या आणखी दोन होड्यांशी तुलना केली की हा तोल कळतो. १९४७ मध्ये अमेरिकेत फ्लोरिडातल्या क्लिअरवॉटर गावी क्लार्क मिल्स यांनी मुलांसाठी ऑप्टिमिस्ट आखली. अट अशी होती की ती प्लायवूडच्या दोन तावांतून आणि ५० डॉलरच्या आत बनावी. ती पेटीसारखी होडी आज जगभर मुलं चालवतात, पण ती एका मुलाची होडी आहे, आईबाबा काठावर उभे राहतात. दुसरी पडल डक रेसर. या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेतच निघालेली, आठ फुटांची अक्षरशः पेटी. तिच्या नियमात धडाचा खालचा दहा इंचांचा भाग ठरलेल्या आकाराचा हवा, वर काय करायचं आणि शीड कोणतं लावायचं ते तुमच्या मर्जीवर. ती बांधायला मिररहूनही सोपी, आणि प्रयोग करणाऱ्यांना फार आवडते. फक्त तिच्या शर्यतीत कौशल्य जिंकलं की शिडाची कल्पना, हे वेगळं करता येत नाही. मोठं माणूस आणि मूल एकाच होडीत, एकसारख्या होड्यांमध्ये, हे दोन्ही एकत्र हवं असेल तर मिररसारखीच होडी लागते.

पाण्यावर काय घडतं

वाऱ्याचा जोर त्याच्या वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वारा दुप्पट झाला की शिडावरचा जोर चौपट. मिररच्या दोन्ही शिडांचं क्षेत्र मिळून साडेसहा चौरस मीटर. सेकंदाला पाच मीटरच्या वाऱ्यात, म्हणजे झाडाची लहान डहाळी हलते तेवढ्या वाऱ्यात, ढोबळ हिशोबाने दोन्ही शिडांवर मिळून बारा किलोच्या आसपास जोर येतो. त्यातलं पुढचं शीड साधारण दोन चौरस मीटरचं, त्याच्या वाट्याला साडेतीन किलो. आठ-नऊ वर्षांचं मूल या शिडाची दोरी धरू शकतं, ओढू शकतं, आणि महत्त्वाचं म्हणजे सोडू शकतं. लहान शीड ठेवण्यामागे हा हिशोब आहे. वारा सेकंदाला दहा मीटर झाला की तेच आकडे अठ्ठेचाळीस आणि चौदा किलो होतात. त्या दिवशी त्याच मुलाला घेऊन शर्यतीत उतरू नये.

होडीचं धड ४५.५ किलो. त्यात एक मोठं माणूस आणि एक मूल बसलं की आतलं वजन धडाच्या दुप्पट सहज भरतं. म्हणजे होडीतली सगळ्यात जड वस्तू माणसं आहेत. त्यामुळे कोण कुठे बसलं यावर वेग ठरतो. दोघं फार मागे बसली तर मागचं सपाट तोंड पाण्यात बुडतं आणि होडी पाणी ओढत चालते, मागे भोवरे दिसतात. फार पुढे बसली तर बोथट नाक लाटांवर आपटतं. मघाशी म्हटलेला उपाय हाच: लाटा असताना होडी किंचित कलती ठेवायची, म्हणजे सपाट तोंडाऐवजी त्याचा कोपरा पाणी कापतो. एवढी गोष्ट शिकलेलं मूल अनुभवी मोठ्यांनाही मागे टाकतं.

वाऱ्याच्या तोंडावर सरळ जाता येत नाही. साधारण ४५ अंशांच्या तिरक्या वाटेने जायचं, मग वळून दुसऱ्या तिरक्या वाटेने. ५०० मीटर वर जायचं तर प्रत्यक्षात सातशे मीटरच्या वर पाणी कापावं लागतं. कधी वळायचं हा निर्णय प्रत्येक होडीचा स्वतःचा. सगळ्या होड्या सारख्या वेगाच्या असतात, आणि पाणी ढकलत जाणाऱ्या एवढ्या आखूड होडीला ताशी आठेक किलोमीटरच्या पुढे जायला वाऱ्याची बरीच मदत लागते. त्यामुळे खरा फरक या निर्णयांतून पडतो. पुढे पाणी काळपट झालेलं दिसलं म्हणजे तिथे वाऱ्याची झुळूक उतरली आहे. ते बघायला तीक्ष्ण नजर लागते, ताकद नाही. म्हणून बऱ्याच कुटुंबांत मूल सुकाणूवर बसतं आणि आई किंवा वडील पुढचं शीड सांभाळतात. घरात एरवी सूचना देणारं माणूस इथे सूचना ऐकतं.

शर्यतीचा मूळ नियम एक लक्षात ठेवला तरी पहिल्या दिवशी पुरतो: ज्या होडीवर वारा उजव्या अंगाने येतो तिला आधी वाट, डावीकडून वारा घेणारीने बाजूला व्हायचं. गुण उलटे असतात. पहिल्याला एक, दुसऱ्याला दोन, आणि शेवटी सगळ्यात कमी गुण असलेला जिंकतो.

जवळपास दुसरी मिररच नसेल तर? तेव्हा वेगवेगळ्या होड्या एकत्र धावतात आणि वेळेची बरोबरी आकड्याने केली जाते. ब्रिटनमध्ये यासाठी पोर्ट्समथ यार्डस्टिक नावाची पद्धत आहे. प्रत्येक वर्गाला एक आकडा असतो, हळू होडीचा मोठा. लागलेल्या वेळेला १००० ने गुणायचं आणि त्या आकड्याने भागायचं. मिररचा आकडा १३९०च्या आसपास, एकट्याने चालवायच्या लेझर या होडीचा ११००च्या आसपास. लेझरने ५५ मिनिटांत शर्यत संपवली आणि मिररने साडेएकोणसत्तर मिनिटांत, तर दोघांची हिशोबातली वेळ ५० मिनिटं, म्हणजे बरोबरी. लेझरवाला तोवर कपडे बदलून चहा पीत असेल, पण निकाल ठरायला तो मिररच्या येण्याची वाट बघत असतो.

आणि होडी कलंडते. नवशिक्यांची तर कलंडतेच. मिररमध्ये हवेचे वेगवेगळे बंद कप्पे आहेत, पुढे, मागे आणि दोन्ही बाजूंना. एकात पाणी शिरलं तरी बाकीचे तिला तरंगती ठेवतात. उलटल्यावर एकाने तळातून बाहेर आलेल्या उभ्या फळीवर, म्हणजे डॅगरबोर्डवर, वजन टाकायचं. होडी हळूहळू सरळ होते, दुसरा तिच्याबरोबर आत येतो, मग बादलीने पाणी उपसायचं. हे शर्यतीच्या दिवशी शिकायचं नसतं. शांत पाण्यात, लाइफ जॅकेट घालून, मुद्दाम उलटवून दोन-तीनदा करून बघायचं, म्हणजे मुलाच्या मनातली धास्ती जाते.

आज ही होडी नव्याने बांधण्यापेक्षा जुनी लाकडी घेऊन दुरुस्त करणं बऱ्याच जणांना परवडतं. बघायला गेलात तर रंगावर जाऊ नका. कप्प्यांची बुचं काढून आत नाक घाला, कुबट वास आला तर लाकूड कुजलेलं असण्याची शक्यता मोठी. डोलकाठीच्या पायाशी आणि डॅगरबोर्डच्या खाचेभोवती अंगठ्याने दाबून बघा. लाकूड दबलं तर तो भाग बदलावा लागेल, तोही त्याच तार-रेझिनच्या रीतीने बदलता येतो. मग सगळ्या जोडांवर साबणाचं पाणी फिरवा, एका बुचाच्या भोकातून कप्प्यात हलकेच हवा फुंका आणि दुसऱ्या कुणाला तरी जोडांवर लक्ष ठेवायला सांगा. जिथे बुडबुडा येईल तिथे पेन्सिलीने खूण करायची.